चादरीखाली कोण?

आमच्या घरातला एक कोल्हा सध्या टकला झालाय. म्हणजे पुस्तकातला. जाड पुठ्ठ्याचं पुस्तक आहे, पानापानावर छोट्या खिडक्या, उघडली की आत जंगलातलं कुणीतरी बसलेलं, आणि काहींच्या अंगावर हात फिरवून बघायला मऊ लव चिकटवलेली. लेक पावणेदोन वर्षांची. तिनं त्या कोल्ह्याला इतकं कुरवाळलं, मधूनमधून चाटलं पण, की आता त्याच्या पोटावर नुसतं चिकट कापड उरलंय. खिडक्यांना तर सेलोटेपवर सेलोटेप.

पुस्तक पुण्याच्या मावशीनं दिलेलं, पण आतलं जंगल युरोपातलं. ओकची झाडं, पानगळ, बर्फ वगैरे. मराठीतून सांगायला बसलो आणि पहिल्याच खिडकीत अडकलो, हेजहॉगला म्हणायचं काय? आई म्हणाली साळिंदर, पण साळिंदर केवढं मोठं, त्याचे काटे केवढे, हे तर मुठीएवढं. पुढच्या पानावर बॅजर. त्याला काही म्हणता काही सुचेना, तोंडावर काळे-पांढरे पट्टे म्हणून शेवटी "पट्टेवाले काका" ठरलं. आबा त्यावर हसले, आमच्या ऑफिसात पण होते म्हणाले, चहा आणायचे.

खारीचं पान मात्र फसलं. तिकडची खार तांबडी, कानांवर केसांचे झुबके, आणि पाठीवर एकही रेघ नाही. आमची पोरगी रोज कंपाउंडवर खार बघणारी, शिवाय रामानं पाठीवरून बोटं फिरवली ती गोष्ट आईनं आधीच सांगून ठेवलेली. खिडकी उघडली की ती ठामपणे म्हणते, "माऊ!" आई म्हणे बरोबरच आहे, रामाचा हात तिकडं कुठं पोचला.

शेवटच्या पानावर वाळक्या पानांचा ढीग, तो उचलला की खाली हेजहॉग झोपलेला, सगळा हिवाळा. थंडी आहे म्हणून झोपलाय, हे मी सोलापुरात मे महिन्यात सांगत असतो. बाहेर ४३, आणि दुपारी एक ते चार अख्खी गल्ली गुडूप. इथं झोपायला थंडी कशाला लागते?

मध्ये जानेवारीत वाटलं, आपल्याकडचं जंगल पण दाखवावं, म्हणून बार्शी रोडनं नान्नजला घेऊन गेलो. आता जंगल कसलं, माळच तो. १९७९ साली माळढोकासाठी अभयारण्य झालं, माळढोक दिसणं आता नशिबाची गोष्ट, पण काळविटांचा कळप दिसला, नर काळेभोर, पिळाच्या शिंगांचे, माद्या गवताच्या रंगाच्या. इथं झाडामागं लपायची सोयच नाही, लांडगासुद्धा गवतातच राहतो, आणि माळढोकाची मादी तर घरटंबिरटं न करता सरळ जमिनीवर अंडं घालते, बहुतेक एकच. सगळं उघड्यावर, लपायचं ते रंगात. मी हे कौतुकानं सांगतोय आणि पोरगी काळविटांकडं ढुंकून न बघता एका झुडपाशी जाऊन त्याची फांदी वर ओढतीय, "उघल, उघल." मागं काही निघालं नाही. जाम नाराज झाली.

झाकलेली वस्तू नाहीशी होत नाही, ती तिथंच असते, हे लेकरांना पहिल्या वर्षातच कळायला लागतं. ज्याँ पियाजे नावाच्या स्विस मानसशास्त्रज्ञानं वस्तू कापडाखाली लपवून हेच बघितलेलं, स्वतःच्याच मुलांवर. मग कळलेलं असताना, शंभर वेळा बघितलेलं असताना, त्याच खिडकीमागं तोच कोल्हा निघाल्यावर एवढं खिदळण्यासारखं काय असतं? मला अजून उलगडा झालेला नाही. ती बहुतेक हजेरी घेते.

हल्ली हजेरी पुस्तकाबाहेर गेलीय. आबा दुपारी कूलर फुल करून वर सोलापुरी चादर डोक्यापर्यंत ओढून झोपतात, मयूरपंखाची, धुवून धुवून मऊ झालेली. ही तिथं जाते, कोपरा दोन्ही हातांनी धरते (जड असते की हो ती), आणि उचलते. "कोन?" पहिल्या दिवशी आबा दचकून उठले, चिडले पण. आता डोळे मिटून वाट बघत पडून असतात. कधी घुबड होतात, कधी अस्वल, आणि ती परत चादर नीट ओढून, वरून थोपटून, परत उचलते.

परवा आबांनी आवाज काढलाच नाही, उलट तिलाच विचारलं, "आज मी कोण हाय गं?"

तिनं त्यांच्या दाढीवरून हात फिरवला, अर्धी काळी, अर्धी पांढरी.

"पत्तेवाले काका," म्हणाली, आणि झाकून टाकलं.