तुम्ही विचारलेत म्हणून: एमिली डिकिन्सन घराबाहेर का पडत नसे?

अमेरिकी कवयित्री एमिली डिकिन्सन हिच्या कवितांविषयी कुठे बोलण्याचा प्रसंग आला, की कविता वाचून झाल्यावर श्रोत्यांमधून एक प्रश्न हमखास येतो: ती घराबाहेर का पडत नव्हती, प्रेमभंग झाला होता की काही आजार होता? विचारणाऱ्याला या दोहोंपैकी एक उत्तर हवे असते, आणि मी दोन्ही देत नाही म्हणून तो थोडा खट्टू होतो. तुम्हीही तेच विचारलेत, म्हणून या वेळी जरा सविस्तर लिहितो.

एमिली लहानपणापासून कोंडून घेतलेली मुलगी नव्हती. मॅसॅच्युसेट्समधल्या अ‍ॅमहर्स्ट गावी 10 डिसेंबर 1830 रोजी ती जन्मली. आजोबा तिथल्या कॉलेजच्या संस्थापकांपैकी एक होते. वडील एडवर्ड वकील, त्याच कॉलेजचे खजिनदार आणि एका मुदतीपुरते अमेरिकी काँग्रेसचे सदस्य. शाळकरी वयात तिने चारशेवर वनस्पती वाळवून, बहुतेकांची शास्त्रीय नावे लिहून, एका वहीत चिकटवल्या होत्या. ती वही आज हार्वर्डच्या ग्रंथालयात जपलेली आहे. 1855मध्ये ती वॉशिंग्टन आणि फिलाडेल्फिया पाहून आली, तर 1864 आणि 1865 या वर्षांत डोळ्यांच्या उपचारासाठी तिला कित्येक महिने बॉस्टनजवळच्या केंब्रिजला राहावे लागले. वडिलांच्या आवाराबाहेर आपण कोणत्याही घरी वा गावी जात नाही, हे तिचे प्रसिद्ध वाक्य 1869मधले आहे. म्हणजे तेव्हा ती अडतीस वर्षांची होती आणि तिच्या बहुतांश कविता लिहून झालेल्या होत्या. एकांतातून कविता जन्मली, असे जे सरसकट सांगितले जाते, ते या तारखांपुढे टिकत नाही.

मला तिच्या आयुष्यात एक नकारांची मालिका दिसते, आणि घरात राहणे हा त्या मालिकेतला सर्वांत उशिराचा नकार होता. पहिला नकार धर्माच्या बाबतीतला. 1847मध्ये ती माउंट होल्योकच्या स्त्रियांच्या विद्यालयात शिकायला गेली, तेव्हा तिथे मुलींची त्यांच्या ख्रिस्तश्रद्धेनुसार वर्गवारी होत असे, आणि जिच्याविषयी फारशी आशा नाही अशा मुलींमध्ये तिची गणना झाली. वर्षभरात ती घरी परतली. पुढे वडील, धाकटी बहीण लव्हिनिया, भाऊ ऑस्टिन असे एकेक जण रीतसर चर्चचे सदस्य झाले. ती कधीच झाली नाही. त्या काळच्या न्यू इंग्लंड या अमेरिकेच्या ईशान्य भागातल्या लहान गावात एका प्रतिष्ठित घरच्या मुलीने हे करणे म्हणजे केवढा हट्ट होता, याची कल्पना आज येणे कठीण आहे. गंमत अशी, की कवितेसाठी तिने छंद घेतला तो मात्र चर्चमधल्या स्तोत्रांचाच: आठ, सहा, आठ, सहा अशा अक्षरांच्या ओळींचा. आपल्या कानाला अभंगाची सहा, सहा, सहा, चार ही चाल जितकी सवयीची, तितकीच तिच्या गावाला ही चाल सवयीची होती. त्या ओळखीच्या चालीत ती ईश्वराविषयीची शंका, मृत्यूचे बारीक निरीक्षण आणि अर्धवट जुळणारी यमके भरत गेली, आणि मधोमध आडव्या रेघा मारून चाल अडवत गेली.

दुसरा नकार प्रसिद्धीचा, आणि माझ्या मते तोच मुख्य. एप्रिल 1862मध्ये तिने टॉमस वेंटवर्थ हिगिन्सन या लेखकाला चार कविता पाठवून, माझी कविता जिवंत आहे का, असे विचारले. छापण्याची घाई करू नका, असे त्याने सुचवल्यावर तिने कळवले, की माशाच्या पराला आकाश जितके परके तितकाच छापण्याचा विचार मला परका आहे. स्वतःला ती त्याची विद्यार्थिनी म्हणवत राहिली आणि त्याच्या सूचनांपैकी जवळजवळ एकही तिने मानली नाही. 1866मध्ये तिची सापावरची कविता स्प्रिंगफील्डच्या वर्तमानपत्रात निनावी छापून आली, तेव्हा ती आपल्याकडून लुबाडली गेली आणि वर एका विरामचिन्हाने तिसरी ओळ बिघडवली, अशी तिची तक्रार होती. सुमारे अठराशे कवितांपैकी तिच्या हयातीत दहाएक छापल्या गेल्या. गावातच जन्मलेली लेखिका हेलन हंट जॅक्सन हिने तिला स्पष्ट लिहिले होते, की तू मोठी कवयित्री आहेस आणि मोठ्याने गात नाहीस हा तुझ्या काळावरचा अन्याय आहे. तरीही ती फारशी बधली नाही.

माणसांना मात्र तिने नकार दिला नव्हता. तिची हजाराहून अधिक पत्रे आज उपलब्ध आहेत, आणि जी जाळली गेली ती वेगळीच. शेजारच्याच घरात राहणाऱ्या सुझन या वहिनीला तिने अडीचशेवर कविता पाठवल्या. ऑगस्ट 1870मध्ये हिगिन्सन प्रत्यक्ष भेटायला आला, तेव्हा तिने दोन लिलीची फुले ओळख म्हणून त्याच्या हातात ठेवली आणि मग ती अखंड बोलत राहिली. आपली सगळी शक्ती शोषून घेणारी अशी व्यक्ती कधी भेटली नव्हती, ती जवळ राहत नाही हे बरे, असे त्याने पत्नीला लिहिले. मला तर वाटते, की ती लोकांना टाळत होती यापेक्षा तिची भेट लोकांना झेपत नव्हती.

आता एक गोष्ट, जी या प्रश्नात कोणी धरत नाही. घरात बसून लिहिण्यासाठी घर चालवणारे कोणी तरी लागते. एमिली स्वतः पाव उत्तम भाजत असे, 1856मध्ये गावच्या प्रदर्शनात तिच्या पावाला दुसरे बक्षीसही मिळाले होते. पण धुणीभांडी आणि आल्यागेल्याचे पाहणे यांचा भार लव्हिनियावर आणि आयरिश मोलकरणींवर होता. 1865मध्ये जुनी मोलकरीण लग्न होऊन गेली आणि 1869मध्ये मार्गारेट माहर आली. मधल्या वर्षांत एमिलीच्या कविता एकदम रोडावल्या. एवढ्यावरून सगळे ठरत नाही, कारण त्याच सुमारास डोळ्यांचे दुखणे होते आणि ज्या अमेरिकी यादवी युद्धाच्या वर्षांत तिने सर्वाधिक लिहिले तेही संपले होते. तरी एकांताला खर्च असतो आणि तो वडिलांची मिळकत आणि दुसऱ्या बायकांचे श्रम यांतून भागत होता, हे विसरून चालणार नाही. 15 मे 1886 रोजी ती वारली, तेव्हा तिच्या इच्छेप्रमाणे शवपेटी खांद्यावर घेऊन गेले ते घरी काम करणारे आयरिश मजूर.

तिच्या मागे लव्हिनियाला खोलीत कवितांचा साठा सापडला. त्यात तिने स्वतः दोऱ्याने शिवलेल्या चाळीस लहान वह्या होत्या. डिकिन्सन कुटुंबाच्या परिचयातली मेबल लूमिस टॉड आणि हिगिन्सन यांनी 1890मध्ये निवडक कविता छापल्या, त्या शीर्षके देऊन, यमके घासूनपुसून आणि आडव्या रेघा गाळून. मूळ रूपातला संग्रह येण्यासाठी 1955 उजाडावे लागले, आणि हस्तलिखितांच्या छायाप्रती 1981मध्ये आल्या. त्या पाहिल्यावर छापण्याला तिने दिलेल्या नकाराचे एक साधे, कारागिराला पटेल असे कारण मला सापडले. छापायचे तर प्रत्येक जागी एकच शब्द ठरवावा लागतो; आणि तिच्या पानांवर एखाद्या शब्दाशेजारी अधिकची खूण असते, खाली त्याचे दोन-तीन पर्याय लिहिलेले असतात, आणि कित्येक कवितांमध्ये तिने त्यांतला एकही खोडलेला नाही.