अनूषर

चार घड्या घातलेला अहवाल त्यांनी माझ्या टेबलावर उलगडला, हातानं सपाट केला आणि शेवटच्या रकान्यावर बोट ठेवलं.

"ताई, हा शब्द तुमचाच ना?"

शब्द होता 'क्षारमुक्त'. खाली सही माझी. बाजूच्या मोकळ्या जागेत पेन्सिलीनं, वळणदार अक्षरात कुणीतरी लिहिलं होतं : 'अनूषर'.

मे महिना, कृष्णाकाठचा ऊन ओकणारा सोमवार. मी सांगली जिल्ह्यातल्या एका माती परीक्षण प्रयोगशाळेत काम करते. खरिपाच्या तोंडावर आमच्याकडे नमुन्यांच्या पिशव्यांची रास लागते. समोर बसलेले गृहस्थ हायस्कुलात संस्कृत शिकवून निवृत्त झालेले, गावात सगळे त्यांना सर म्हणतात. नदीकडेला त्यांची दोन एकर जमीन आहे आणि ती पुतण्या कसतो. पुतण्या दाराशीच उभा होता, हातात एक पिशवी घेऊन.

"सरांनी लई आनंदानं लिवलं हुतं ते," तो म्हणाला. "आन् ऊस बघा आमचा. नुसती तुटाळ. निम्म्या सऱ्या रिकाम्या हाईत."

मी जुन्या नोंदी काढल्या. तीन वर्षांपूर्वीच्या पहिल्या नमुन्यात विद्युत वाहकता 3.4 डेसीसायमन प्रति मीटर आणि सामू, म्हणजे pH, 8.3 होता. वाहकता हे मातीतल्या विरघळलेल्या मिठाचं माप. आमच्याकडे एक भाग माती आणि अडीच भाग पाणी ढवळून वाहकता मोजतात. ती 1 च्या आत असली तर ठीक, 3 च्या वर गेली की बहुतेक पिकांना घातक. म्हणजे जमीन उघडउघड खारावलेली होती. वर्षानुवर्षं उसाला पाटानं मोकाट पाणी दिलं, भूजल वर आलं, उन्हाळ्यात ते वाफ होऊन गेलं आणि मीठ मागं राहिलं. नदीकाठच्या कितीतरी गावांची हीच कहाणी आहे. मग कुणीतरी सल्ला दिला : वाफे बांधा, नदीचं गोडं पाणी तुंबवा, मीठ धुऊन काढा. त्यांनी मन लावून ते केलं. बांधाला चर काढून पाणी ओढ्याला सोडलं. दोन उन्हाळे, दोन पावसाळे गेले. दुसरा अहवाल आला तेव्हा वाहकता 0.42 झाली होती. आमच्या ठरलेल्या साच्याप्रमाणे मी शेरा लिहिला, 'क्षारमुक्त'.

त्याच कागदावर सामू 9.1 होता. तोही मीच मोजला होता. तो आकडा वेगळ्या रकान्यात, त्याचा शेरा वेगळा, आणि वाचणाऱ्यानं दोन्ही जोडून पाहावं अशी कुठं सोयच नव्हती. पण जोडून पाहणं हे माझं काम होतं, वाचणाऱ्याचं नव्हे. त्या सकाळी ते मला फार लागलं.

"अनूषर म्हणजे?" मी विचारलं.

सरांनी चष्मा काढला. शिकवायची सवय अंगात मुरलेली माणसं बोलण्याआधी जशी क्षणभर थांबतात, तसे थांबले. "ऊष म्हणजे खारी माती. अमरकोशात आहे, 'ऊषः क्षारमृत्तिका'. ऊष जिथं आहे ती भूमी ऊषर. उत्तरेकडं ऊसर म्हणतात ना पडीक रानाला, ते हेच. आणि जी ऊषर नाही ती अनूषर. आश्वलायन गृह्यसूत्रात घरासाठी जागा कशी पारखावी ते सांगितलंय, त्यात हा शब्द येतो. 'अनूषरमविवदिष्णु भूम'. जमीन खारी नसावी आणि तिच्यावर वाद नसावा."

मग ते मला म्हणाले, "तुम्ही क्षारमुक्त लिहिलंत. संस्कृतात क्षार निराळा, लवण निराळं. लाकडाची राख भिजवून जे झणझणीत पाणी निघतं तो क्षार. मीठ ते लवण. मी समजलो, दोन्ही गेली."

इतकी वर्षं मी हा शब्द रोज लिहिते आणि मला हे कधी सुचलं नव्हतं. आमच्या शाळेच्या विज्ञानात आम्ल, आम्लारी आणि क्षार असे तीन शब्द शिकवतात, तिथं क्षार म्हणजे मीठ, आम्ल आणि आम्लारी एकत्र आले की बनतं ते. हिंदीत त्याच मिठाला लवण म्हणतात. आयुर्वेदातला क्षार अजून राखेचाच आहे. सरांच्या शेतात मीठ उरलं नव्हतं हे खरं. पण सामू 9.1 म्हणजे तीच राखेच्या पाण्याची जात. त्यांच्या अर्थानं ती जमीन पहिल्यापेक्षा जास्त क्षारयुक्त झाली होती, आणि मी तिला क्षारमुक्त म्हटलं होतं.

पुतण्यानं आणलेल्या पिशवीत सुकलेली ढेकळं होती. मी दोन पेले घेतले. एकात ऊर्ध्वपातित पाणी, दुसऱ्यात त्याच पाण्यात दोन चमचे साधं मीठ विरघळवून. दोन्हींत हरभऱ्याएवढं एकेक ढेकूळ अलगद सोडलं आणि म्हटलं, हलवायचं नाही, नुसतं बघत राहायचं. इतर नमुने बाजूला ठेवले. अर्ध्या तासात गोड्या पाण्यातल्या ढेकळाभोवती दुधासारखं वलय पसरलं, आणि जेवणाच्या सुट्टीपर्यंत अख्खा पेला गढूळ झाला. मिठाच्या पेल्यातलं ढेकूळही फुटलं होतं, पण ते तळाशी बसलं आणि वरचं पाणी नितळ.

"उलटं झालं की हे!" पुतण्या म्हणाला.

त्याला मी सांगितलं ते असं. मातीच्या बारीक कणांना सोडियम चिकटलेला असतो. पाण्यात विरघळलेलं मीठ वेगळं आणि कणांना चिकटलेला हा सोडियम वेगळा. पाण्यात मीठ भरपूर असतं तोवर कण एकमेकांजवळ राहतात, माती मोकळी राहते, पाणी मुरतं. मीठ धुतलं की चिकटलेला सोडियम तसाच राहतो, कण सुटे होतात आणि मातीची भोकं बुजतात. चिकटलेला सोडियम काढायला त्याच्या जागी कॅल्शियम बसवावा लागतो, म्हणून आधी कॅल्शियम असलेला जिप्सम आणि मग पाणी. यांनी नुसतं पाणी दिलं. मीठ गेलं आणि जमीन चोपण झाली.

'चोपण' म्हटल्यावर त्याचा चेहरा बदलला. "असं व्हय. चोपण झालीया म्हना की. पावसात लोनी आन् उन्हात दगड."

दुपारी मी विनिमययोग्य सोडियम, म्हणजे कणांना चिकटलेल्या त्या सोडियमचं प्रमाण, काढला. हे आम्ही प्रत्येक नमुन्याचं करत नाही. 2015 साली सुरू झालेल्या मृदा आरोग्य पत्रिकेत बारा गोष्टी ठरवल्या होत्या, त्यात सामू आहे, वाहकता आहे, पण हा आकडा नाही. अमोनियम ॲसिटेटनं माती खंगाळून फ्लेम फोटोमीटरवर घ्यावा लागतो, वेळ जातो. उत्तर आलं 27 टक्के. 15 च्या वर गेलं की जमीन चोपण धरतात, आणि आपल्या काळ्या मातीत तर त्याच्या बऱ्याच आधी त्रास सुरू होतो. अमेरिकेच्या कृषी खात्यानं 1954 साली खाऱ्या जमिनींवर एक हस्तपुस्तिका काढली. ही मर्यादा तिथूनच जगभर गेली. अशा जमिनीला तिथं दिलेलं नाव मराठीत आणायचं तर 'अलवण-विम्ल' असं होईल : अलवण म्हणजे मीठ नसलेली, विम्ल म्हणजे आम्लाच्या उलट गुणाची. म्हणजे 'मिठाशिवायची' हा शब्द मुळात बिघडलेल्या जमिनीच्याच नावात जाऊन बसला होता. नुसतं 'अलवण' वाचून कुणी हुरळून जाऊ नये म्हणून त्याला लगेच दुसरा शब्द जोडलेला. माझ्या साच्यात ती जोड नव्हती.

संध्याकाळी मी त्यांच्यासोबत रानात गेले. असं जायचा नियम नाही, पण मला राहवलं नाही. पांढरा थर कुठंच दिसत नव्हता. पावलाखाली जमीन टणक, वरची पापडी भेगाळलेली, सरीच्या तळाशी सुकलेल्या पाण्याचे काळसर डाग. अशा मातीतला सेंद्रिय भागही विरघळून वर येतो, त्याचे ते डाग.

"त्या सूत्राच्या पुढे काय आहे, सांगू?" सर बांधावर टेकत म्हणाले. "अनूषर म्हणून सूत्रकार थांबत नाही. पुढचं सूत्र सांगतं, तिथं ओषधी आणि वनस्पती असाव्यात. मग म्हणतो, कुश आणि वीरण ही गवतं भरपूर असावीत. मी पहिल्या शब्दालाच भुललो. इथं हरळीसुद्धा नीट उगवत नाही."

त्याच प्रकरणात मातीची परीक्षाही आहे म्हणाले. गुडघाभर खड्डा खणायचा, सूर्य मावळल्यावर पाण्यानं भरायचा आणि रात्रभर ठेवायचा. सकाळी पाणी असेल तर जागा प्रशस्त, ओल असेल तर मध्यम, कोरडा पडला तर त्याज्य. "करायची?" त्यांनी विचारलं. पुतण्यानं कुदळ आणली. खणायलाच पाऊण तास गेला. मोटारीच्या पाण्यानं खड्डा काठोकाठ भरला तोवर अंधार पडला होता.

दुसऱ्या दिवशी सातला मी परत गेले. पाणी होतं तसंच होतं, बोटभरही उतरलं नव्हतं. रंग काळपट, कालच्या पेल्यासारखा.

"सूत्राप्रमाणे प्रशस्त," सर म्हणाले, आणि बराच वेळ त्या पाण्याकडे बघत राहिले. "पण ते घरासाठी आहे."

"हो. घराखाली पाणी थांबलं तर चालत असेल. उसाच्या मुळाशी थांबलं तर मुळं गुदमरतात."

शेजारच्या रानातून त्यांचे चुलतभाऊ येऊन उभे राहिले होते. त्यांना सगळे तात्या म्हणतात. पुतण्या गप्प झाला. ओढ्याकडे जाणारा तो चर तात्यांच्या बांधावरून गेला होता, आणि गेल्या वर्षी बाचाबाची होऊन त्यांनी तो बुजवला होता, हे मला तेव्हा कळलं. आता जिप्सम टाकला तरी निघालेला सोडियम वाहून जायला वाट हवी. वाट नसेल तर तो तिथंच फिरत राहणार.

तात्यांनी वाकून पाण्यात हात घातला, चिखल बोटांत चोळून पाहिला. "रातभर असंच ऱ्हायलं?"

"रात्रभर," सर म्हणाले. मग माझ्याकडे वळून हळूच, "दुसरा शब्द आठवतो ना? अविवदिष्णु."

तात्या ओढ्याच्या दिशेनं बघत होते. "माझं बी खालचं चार गुंठं असंच व्हायला लागलंय," ते म्हणाले. "उघडा चर काय मी काढू द्यायचा न्हाई. रान अडतं. पाइप घाला जमिनीखालनं. वरनं माझं पीक निघालं पायजे."

जमिनीखाली छिद्रं पाडलेले पाइप घालून निचरा करतात, त्याचा उतार आणि खोली मोजून घ्यावी लागते, खर्च मोठा असतो, दोघांनी मिळून केला तर वाटून जातो, हे मी तिथंच बांधावर बसून सांगितलं. सर मधे बोलले नाहीत. तात्या दोन-तीनदा तेच तेच विचारत राहिले, पाइप किती खोल, नांगराला लागणार न्हाई ना.

प्रयोगशाळेत आल्यावर मी नवा अहवाल केला. छापील शेऱ्यावर रेघ मारून हातानं लिहिलं : 'विरघळलेली लवणे अत्यल्प. विनिमययोग्य सोडियम 27 टक्के. अलवण-विम्ल जमीन.' जिप्समची गरज काढून खाली मांडली, दोन हप्त्यांत द्यायची, त्यानंतर हिरवळीच्या खतासाठी धैंचा पेरून गाडायचा. सरांनी कागद घेतला, सावकाश वाचला आणि परत दिला.

"चोपण लिहा," म्हणाले. "अलवण-विम्ल मला कळेल. रान हा कसतो."

मी खोडून 'चोपण' लिहिलं. पुतण्यानं कागद हातात घेऊन तो शब्द मोठ्यानं वाचला आणि विचारलं, "जिप्सम कुटं मिळंल, मॅडम? पावसाच्या आत टाकायला पायजे न्हवं?"