छाट आणि रेटिंग

नोव्हेंबर-डिसेंबर आला की सोलापुरातल्या माझ्या ऑफिसात पेन्शनवाल्या विडी कामगार बायकांची रीघ लागते. काम एकच, हयातीचा दाखला. आपण जिवंत आहोत हे वर्षातून एकदा कळवलं नाही की पीएफची पेन्शन थांबते. दाखला आता ऑनलाइन निघतो, मशीनवर बोट ठेवायचं आणि झालं. पण विडी कामगार बाईचं घोडं नेमकं बोटापाशीच अडतं. जन्मभर पान भिजवून, कापून, वळून तिच्या बोटांच्या रेघा झिजून गेलेल्या असतात. मशीन ठसा उचलतच नाही.

मी कामगारांच्या बाजूनं केसेस चालवणारी वकील. दाखले काढणं हे खरं तर सुविधा केंद्राचं काम. पण तिथून परत पाठवलेली बाई शेवटी आमच्याकडे येते, आणि दारात आलेल्या बाईला मला नाही म्हणवत नाही.

गेल्या डिसेंबरातली गोष्ट. शहराच्या पूर्व भागातली एक अव्वा, म्हणजे आजी, नातीला घेऊन आली. घरात तेलुगू, माझ्याशी सोलापुरी मराठी. ‘बोट उठंना म्हणतेत वो मॅडम. पेन्शन बंद पडली. बीपीच्या गोळ्या त्याच्यातच येत होत्या की.’ पेन्शन हजार रुपये. २०१४ पासून ईपीएसची, म्हणजे पीएफच्या पेन्शन योजनेची, किमान रक्कम तेवढीच आहे, आणि बहुतेक विडी कामगार बायका त्या किमान आकड्यावरच अडकलेल्या आहेत. पण ज्या घरात म्हातारीच्या नावावर दुसरा पैसा येत नाही, तिथं हे हजार रुपये तिला कुणापुढं हात पसरू देत नाहीत.

मी अव्वाचा हात हातात घेऊन पाहिला. उजव्या अंगठ्याचं आणि तर्जनीचं टोक गुळगुळीत, त्वचा चकाकणारी. बोलतानाही तिची बोटं एकमेकांवर घासत होती, जशी मांडीवर सूप ठेवून विडी वळताना घासतात. पत्र्याचा फर्मा पानावर ठेवायचा, कात्रीनं तेवढा तुकडा कापायचा, चिमूटभर तंबाखू घालून वळायचं, टोक दाबायचं, दोरा गुंडाळायचा. पंचवीस विड्यांचा एक कट्टा. दिवसाला हजार विड्या म्हणजे असे चाळीस कट्टे, आणि त्यातच स्वयंपाक, पाणी, पोरं.

ठशाला पर्याय आहे. मोबाइलवर चेहरा दाखवून दाखला काढता येतो, पीएफच्या पेन्शनला २०२२ पासून ती सोय आहे. अनेक केंद्रांवर ते सांगतही नाहीत, याचा मला मनापासून राग येतो. माझ्या फोनचा कॅमेरा धड नव्हता म्हणून नातीचा फोन घेतला. आधारचं चेहरा ओळखणारं ॲप आणि दाखला काढायचं जीवन प्रमाण ॲप, दोन्ही टाकली, पेन्शनचा पीपीओ नंबर भरला. अव्वाला खिडकीच्या उजेडात बसवलं. ‘डोळे मिट, उघड,’ नात सांगत होती. एकदा पदर आड आला, एकदा अव्वा भलतीकडेच बघत राहिली. मग स्क्रीनवर हिरवं आलं. दाखला निघाला, चहा यायच्या आत.

फोन परत घेताना नात म्हणाली, ‘माझ्या ॲपला पण रोज असाच चेहरा दाखवायला लागायचा, कामावर जायच्या आधी. आता तेही बंद केलंय त्यांनी.’

ती पुण्यात एका ॲपवरून घरोघरी जाऊन ब्यूटीशियनचं काम करत होती. सोलापुरातच कोर्स केला, इथल्या पार्लरमध्ये काही दिवस काढले, मग पुणे गाठलं. तिथं आधी पार्लरमध्येच होती, सकाळी दहा ते रात्री नऊ, पगार नऊ हजार. ॲपवर गेल्यावर खर्च जाऊन त्याच्या दुपटीहून जास्त सुटायचे. हे ती पुन्हा पुन्हा सांगत होती आणि मला ते महत्त्वाचं वाटलं, कारण अशा कामाबद्दल आपण वाईट तेवढंच बोलतो. तिला ते काम हवं होतं. वेळ आपली आपण ठरवता येते, मालकिणीची बोलणी खावी लागत नाहीत, पैसे थेट खात्यावर येतात. घरी पैसे पाठवणारी ती त्यांच्या घरातली पहिली मुलगी.

त्या पैशासाठी ती काय करत होती तेही तिनं सांगितलं. किट कंपनीकडूनच विकत घ्यायचं. जड बॅग आणि घडीचा पलंग दुचाकीवर बांधून एका सोसायटीतून दुसरीकडे. दोन बुकिंगांच्या मधला वेळ रस्त्याच्या कडेला किंवा पार्किंगमध्ये, कारण बसायला जागा नाही. सकाळपासून पाणी बेतानंच प्यायचं, कारण बाथरूम कुठं मिळेल याचा भरवसा नाही. बुकिंग नाकारलं तर दंड. आणि दर कामानंतर गिऱ्हाइकाचे तारे.

एके दिवशी एका मोठ्या सोसायटीत गेटवर नाव-नंबर लिहून घेण्यात वेळ गेला. त्यात सुरक्षारक्षकानं तिला मालाच्या लिफ्टनं जायला सांगितलं आणि ती लिफ्ट सामान चढवण्यात अडकलेली. वर पोचायला उशीर झाला. गिऱ्हाईक तोंडावर काही बोललं नाही, काम नीट करून घेतलं, पण रात्री रेटिंग खाली आलं. मग आणखी दोन-तीन कमी तारे लागले. कोणी दिले, कशासाठी दिले, काही कळलं नाही. सरासरी ४.८ वरून ४.६ वर आली, आणि पुढच्या सकाळी आयडी ब्लॉक. हेल्पलाइनला फोन केला की ठरलेलं एकच उत्तर: आपला दर्जा निकषाच्या खाली आहे. भाड्याच्या खोलीचे पैसे थकायला लागले तशी ती सोलापूरला परत आली.

अव्वा सगळं ऐकत होती. ॲप म्हणजे काय हे तिला कितपत समजलं असेल कोण जाणे, पण मधेच तिनं विचारलं, ‘छाट काढली म्हण की. मग छाट दाखवली का नाही हिला?’

विडी कारखान्यात माल तपासणारा चेकर असतो. कट्टे उघडून वाकडी, सैल, फाटक्या पानाची विडी तो बाजूला काढतो. तीच छाट. छाटीची मजुरी नाही, आणि पान-तंबाखूचा हिशोब मात्र बाईच्या अंगावर. चांगल्या विड्या छाटीत काढून फुकट घशात घालायच्या, हा या धंद्यातला जुना अन्याय. १९६६ च्या विडी-सिगार कामगार कायद्यात छाटीच्या वादासाठी स्वतंत्र तरतूद करावी लागली, यावरून तो किती खोलवर होता हे समजतं. अव्वा म्हणाली, ‘आमचा चेकर मेला वाईटच होता. पण विडी समोर धरायचा, समोर मोडायचा. मी भांडायची. कधी कधी पाच-दहा परत घेतलेत मी.’

मी पेन टेबलावर ठेवला. तिच्या हजार रुपयांच्या पेन्शनचा सगळा इतिहास त्या एका प्रश्नात होता, आणि तिला तो माहीत असायचं कारण नव्हतं.

विडी उद्योगाला पीएफ लागू झाला १९७७ साली. कारखानदार कोर्टात गेले. म्हणणं असं की घरी बसून विडी वळणाऱ्या बायका आमच्या कामगारच नाहीत. त्या केव्हा काम करतात, किती करतात, कोणाचा हात लागतो, यावर आमची देखरेख नाही. आम्ही पान देतो, त्या विडी देतात, एवढाच व्यवहार. सर्वोच्च न्यायालयानं १९८५ मध्ये, पी. एम. पटेल अँड सन्सच्या खटल्यात, हे फेटाळलं. नोकर ठरवायला मालकानं डोक्यावर उभं राहायलाच हवं असं नाही, आणलेला माल नापसंत करायचा अधिकार मालकाकडे आहे, हीच पुरेशी देखरेख आणि हुकमत आहे, असा त्याचा आशय. कारखान्यात येऊन वळणाऱ्यांबद्दल हेच तत्त्व नागपूरच्या एका विडी कारखान्याच्या प्रकरणात १९६० लाच मांडलं गेलं होतं, १९८५ ला ते घराच्या उंबऱ्याआत पोचलं. ज्या छाटीनं बायकांची मजुरी खाल्ली, त्याच छाटीमुळे त्या कायद्यानं कामगार ठरल्या. सोलापुरातल्या हजारो बायकांचा फंड आणि पेन्शन, त्यामागं हा निकाल आहे आणि युनियनच्या लाल झेंड्याखाली निघालेले मोर्चे आहेत. सोलापूरजवळच्या कुंभारीचं गोदूताई विडी घरकुलही त्याच लढ्यातून उभं राहिलं. या नातीच्या शाळेची शिष्यवृत्तीसुद्धा तिच्या आईच्या विडी कार्डावर कल्याण निधीतून आली होती.

आता नातीचं बघू. करारात ती कंपनीची भागीदार आहे, कर्मचारी नाही. कंपनीचं म्हणणं तेच, १९७७ मधलं: केव्हा काम करायचं हे ती ठरवते, आम्ही फक्त गिऱ्हाईक गाठून देतो. पण दर कंपनी ठरवते, किट कंपनीचं, दंड कंपनीचा, आणि माल पसंत की नापसंत हेही कंपनीच ठरवते. फरक एवढाच की चेकरची जागा आता गिऱ्हाइकांच्या बोटांनी घेतली आहे, आणि त्यांनी दिलेल्या तारका मोजून बाईला काढून टाकणारा हिशोब कुणाला दिसत नाही. २०२१ साली ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयानं उबर चालकांच्या खटल्यात हेच पाहिलं. रेटिंग घसरलं की ताकीद आणि मग काम बंद, ही नोकरीतल्या ताबेदारीचीच खूण आहे असं म्हटलं आणि चालकांना किमान वेतन, भरपगारी रजा यांचे हक्क दिले.

आपल्याकडे त्या दिवशी नव्या कामगार संहिता लागू होऊन महिनाही झाला नव्हता. २१ नोव्हेंबर २०२५. विडी कामगारांचा १९६६ चा कायदा त्यांत विरघळला. त्यांतल्या सामाजिक सुरक्षा संहितेत गिग आणि प्लॅटफॉर्म कामगारांचं, म्हणजे ॲपवरून अशी सुटी कामं करणाऱ्यांचं, नाव पहिल्यांदाच आलं, ही मोठी गोष्ट आहे, मी ती कमी लेखणार नाही. कंपन्यांनी उलाढालीच्या एक ते दोन टक्के निधीत भरायचे, त्यातून अपघात विमा, आरोग्य, बाळंतपण, म्हातारपण यांच्या योजना करायच्या. पण त्याच संहितेची व्याख्या सांगते की हे काम पारंपरिक मालक-नोकर नात्याच्या बाहेरचं. म्हणजे योजना आल्या तरी पीएफचा हक्क नाही, आणि उद्या आयडी बंद झाला तर कारण सांगा असं म्हणायलाही संहितेत जागा नाही. कर्नाटकानं २०२५ मध्ये गिग कामगारांच्या स्वतःच्या कायद्यात ती जागा केली आहे: काम कायमचं बंद करायचं तर लेखी कारण आणि चौदा दिवसांची आगाऊ सूचना. सीमा आमच्या सोलापूरपासून हाकेच्या अंतरावर आहे, पण पुण्यात काम करणाऱ्या पोरीला त्याचा उपयोग नाही.

आजीच्या पिढीनं मिळवलेलं नातीपर्यंत पोचलं नाही, आणि शिकून, शहरात जाऊन, जास्त कमावूनही ती कायद्याच्या दृष्टीनं आजीच्या मागं गेली, हे मला त्या दिवशी समोरासमोर दिसलं. दोघी एकाच बाकावर बसल्या होत्या. एकीकडे पेन्शनचा नंबर होता, दुसरीकडे बंद पडलेला आयडी.

दुपारचं जेवण राहिलं आणि आम्ही कामाला लागलो. सुदैवानं मुलीनं फोनमधलं काही पुसलं नव्हतं. बुकिंगची यादी, कापलेलं कमिशन, दंडाचे मेसेज, ताकिदीचे मेसेज, किटच्या पावत्या, ट्रेनिंगला किती वाजता हजर व्हायचं याच्या सूचना. ज्या दिवशी लिफ्टला उशीर झाला, त्या दिवशी तिनं गेटवरून हेल्पलाइनला केलेला कॉलही कॉल-यादीत सापडला. सगळ्याचे स्क्रीनशॉट तारखेनुसार लावून प्रिंट काढली. बहुतेक मुली रागाच्या भरात ॲप काढून टाकतात आणि पुरावा हातचा जातो. म्हणून माझी कळकळीची विनंती: आयडी बंद झाला तरी ॲप काढू नका, आधी सगळे स्क्रीनशॉट दुसऱ्या कोणाच्या फोनवर पाठवून ठेवा.

कंपनीला नोटीस काढली. त्यात दोन मागण्या ठेवल्या. कोणत्या कामांना, कोणत्या कारणानं, किती तारे मिळाले ते दाखवा. आणि तिचं म्हणणं ऐकल्याशिवाय केलेलं ब्लॉकिंग मागं घ्या. पहिली मागणी लिहिताना अव्वाचे शब्द जवळजवळ जसेच्या तसे उतरले. नोटिशीला १९८५ चा निकाल जोडला.

निघताना अव्वानं पिशवीतून पैसे काढले, मी घेतले नाहीत. ‘हिचं काम लागलं की घ्या मग,’ असं बजावून ती गेली.

अव्वाची पेन्शन थकलेल्या महिन्यांसकट जमा झाली. कंपनीनं नोटिशीला उत्तर दिलं ते दोन ओळींचं: सदर व्यक्ती स्वतंत्र व्यावसायिक असून मालक-नोकर संबंध नाही. रेटिंगचा तपशील दिला नाही. पुण्याच्या कामगार आयुक्त कार्यालयात आम्ही अर्ज दिला आहे. तिच्याबरोबर काम करणाऱ्या आणखी काही मुलींनी आपापले स्क्रीनशॉट पाठवलेत, तेही त्याला जोडले आहेत. मुलगी सध्या अक्कलकोट रोडच्या एका गणवेशाच्या कारखान्यात नगावर शिलाई करते. तारीख असली की सुट्टी टाकून माझ्याबरोबर पुण्याला येते.