म्हातारी न उडालेली शीट

सप्टेंबरअखेर मसाई पठारावरच्या बारा शीट, म्हणजे पोरांनी दाबून वाळवलेले झाडांचे नमुने, आमच्याकडे आल्या. सगळ्यांवर एकच लेबल: 'सोनकी, सेनेसिओ बॉम्बेएन्सिस, मसाई पठार, ता. पन्हाळा.' पहिली घडी उघडली आणि टेबलभर म्हाताऱ्या उडाल्या. पंखा बंद करेपर्यंत निम्म्या बिया फरशीवर.

सूर्यफुलाच्या कुळाचं हे जुनंच दुखणं. फांदी खुडली तरी फूल लगेच मरत नाही. दमट कागदात ते निवांत पिकतं आणि झाडं दाबायच्या प्रेसमध्येच फुटतं. म्हणून कळ्या आणि ताजी उमललेली फुलंच घ्यायची, दाबण्याआधी स्पिरिटमध्ये बुडवून काढायची. पावसाळ्यात पहिले चार दिवस तरी टिपकागद रोज बदलायचे. एक फूल पालथं दाबायचं, एक उभं चिरून. यातलं काहीही केलेलं नव्हतं. पानं काळी, मुळं गायब. सोनकी एका पावसाळ्याचं झाड, उपटायला कुदळ लागत नाही. पण फोटो निघाला की वाकायचा कंटाळा येतो पोरांना.

बारावी शीट मात्र गप्प होती. एकही म्हातारी नाही. आधी वाटलं, ही तरी कुणीतरी नीट वाळवली. पण पानं तिचीही काळीच. पानं एकाआड एक, म्हणजे सोनकीसारखी. पण हा नुसता शेंडा होता. एक फूल कोमट पाण्यात भिजवून पालथं केलं. सोनकीला फुलाखाली अरुंद, सारख्या उंचीच्या ब्रॅक्टची, म्हणजे फूल खालून धरणाऱ्या पात्यांची, एकच ओळ असते, बुडाशी दोनचार बारकी टोकं. इथं बाहेर पाच रुंद, हिरवी, पानांसारखी. फूल चिरलं, तर त्यात दाटीनं बसलेल्या बारक्या फुलांच्या मधे पातळ खवले आणि बीवर केसाचा पत्ता नाही.

कारळा! चटणीचा कारळा. त्याची पानं खाली समोरासमोर असतात, शेंड्याला कधी कधी एकाआड एक होतात, आणि पोरानं नेमका शेंडा खुडलेला. प्रेस नीट लागला असता तर बाराही फुलं सारखीच मिटलेली दिसली असती आणि मी लेबल वाचून शीट सोनकीच्या फोल्डरात सरकवली असती.

नाव बदलून झालं. अडलंय ते जागेवर. कारळा पठारावर आपोआप उगवला होता, की खालच्या शेताच्या बांधावरचा? पोराला फोन केला.

"सर, वाटेतच हुता. पिवळा दिसला म्हणून घेतला."

'अधिवास'चा रकाना अजून कोराच आहे.