उशिराच्या अपिलाचे ४२ दिवस

आमच्या दाव्याचा निकाल लागला १२ जुलै २०२४ ला आणि अपील दाखल झालं ११ ऑक्टोबरला. मधल्या काळात मी झोपलो नव्हतो, हे पटवून द्यायला मार्च उजाडला.

उत्तर गोव्यात बाजारात आमचं भाड्याचं दुकान आहे, बाबांच्या नावावर. मालकाने मागच्या परसात जाणाऱ्या वाटेला कुलूप घातलं आणि विहिरीचं पाणी तुटलं. मनाई हुकमासाठी दावा केला, तो फेटाळला गेला. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस, म्हणजे ११ ऑगस्ट. निकालाच्या सहीशिक्क्याच्या नकलेसाठी मी अर्ज केला २२ जुलैला. हे नऊ-दहा दिवस मी स्वतः घालवले, त्याचा दोष कुणाला देत नाही. निकाल ऐकून बाहेर पडलात की त्याच दिवशी नकलेचा अर्ज द्या, घरी जाऊन वाईट वाटून घ्यायला नंतर वेळ मिळतो.

आता ती नक्कल. १२ ऑगस्टला खिडकीवर गेलो, तर "अजून जावंक ना, सोमारा येयात" (अजून झाली नाही, सोमवारी या). पुढच्या सोमवारी तेच. त्याच्या पुढच्या सोमवारी नक्कल करणारा माणूस रजेवर. मग चवथ, म्हणजे गणेशचतुर्थी आली. चवथीच्या दिवसांत आपल्याकडे कागद हलत नाही, हे मीही धरूनच चाललो होतो. तेव्हा तर आमच्याही घरी माटोळी, म्हणजे गणपतीवरचं फळाफुलांचं छत, बांधायची होती. १९ सप्टेंबरला एकदाची नक्कल हातात पडली. सही केली, पैसे भरले, बाहेर येऊन चहा घेतला. मागचा शिक्का मी बघितलाच नाही.

तो वकीलबाईंनी बघितला. नकलेच्या मागे तीन तारखा असतात: अर्ज कधी आला, नक्कल तयार कधी झाली, दिली कधी. आमच्या नकलेवर तयार झाल्याची तारीख होती ९ ऑगस्ट! म्हणजे १२ तारखेला मी खिडकीवर उभा होतो तेव्हा ती आत कपाटात पडलेली होती. मुदत कायद्याच्या कलम १२ प्रमाणे निकालाचा दिवस आणि नक्कल तयार व्हायला लागलेला काळ मुदतीतून वजा होतो, पण तयार होऊन पडून राहिलेला काळ सहसा होत नाही. २२ जुलै ते ९ ऑगस्ट असे १९ दिवस मिळाले आणि मुदत ३० ऑगस्टला संपली. पुढचे सगळे दिवस माझ्या डोक्यावर.

मी तावातावाने म्हटलं, "मी चार वेळा गेलोय, त्या माणसाला विचारा!" वकीलबाई शांतपणे म्हणाल्या, "लेखी काय आहे?" काही नव्हतं. एका दिवसाचं कदंबा बसचं तिकीट पाकिटात सापडलं, त्यावर मी गावात गेलो एवढंच सिद्ध होत होतं. म्हणून सांगतो, खिडकीवर तोंडी विचारून परत येऊ नका. दोन ओळींचा अर्ज लिहा, दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. कारकून तोंड वाकडं करील, करू दे.

एवढ्यात २३ सप्टेंबरला बाबांना बांबोळीच्या सरकारी इस्पितळात दाखल करावं लागलं. दोन आठवडे मी तिथेच. खरं सांगायचं तर कोर्टात आम्हांला तारलं ते या डिस्चार्ज कार्डाने, माझ्या खऱ्याखुऱ्या हेलपाट्यांनी नव्हे. याची चीड अजून आहे.

अपिलासोबत मुदत कायद्याच्या कलम ५ खाली उशीर माफीचा अर्ज आणि प्रतिज्ञापत्र लावलं. आधी मी ढोबळपणे '६१ दिवस' लिहून दिले होते, वकीलबाईंनी १९ वजा करून ४२ केले. हा हिशेब स्वतः एकदा कॅलेंडर घेऊन करा. समोरच्या वकिलाने रोजच्या रोज खुलासा मागितला: ३१ ऑगस्टला काय करत होता, १ सप्टेंबरला काय? वकीलबाईंनी सर्वोच्च न्यायालयाचा १९८७ चा निवाडा दाखवला. रोजचा खुलासा म्हणजे तासा-मिनिटांचा हिशेब नव्हे, आणि मुद्दाम उशिरा येऊन कुणाचा फायदा होत नाही, असं त्यात आहे. समोरून उत्तर आलं की तिथे उशीर ४ दिवसांचा होता. मग १९९८ चा निवाडा निघाला. तिथे ८८३ दिवस माफ झालेत, कारण उशीर किती यापेक्षा कारण पटतं का हे महत्त्वाचं. त्या आकड्यावर मला पहिल्यांदा बरं वाटलं.

माझ्या मावसभावाचं प्रकरण वेगळं, गोव्याच्या १९६८ च्या भाडे कायद्याखाली भाडे नियंत्रकासमोर चाललेलं. आमचे ३० दिवस त्याने धरून चालू नये; ज्या कायद्याखाली हुकूम झाला, त्याच कायद्यातली मुदत बघायची. आणि जागा खाली करण्याचा दिवाणी हुकूमनामा असेल तर आणखी जपा. अपील नुसतं दाखल केल्याने अंमलबजावणी थांबत नाही, आणि उशिराच्या अपिलात ते ऐकायला घ्यायचं हे ठरेपर्यंत स्थगितीही मिळत नाही. आमचा दावाच फेटाळलेला, त्यामुळे तो घोर आम्हांला नव्हता.

मार्चमध्ये उशीर माफ झाला, समोरच्याला २,००० रुपये खर्च देण्याच्या अटीवर. पैसे मुदतीत भरले, पावतीच्या तीन झेरॉक्स काढल्या. एक अजून पाकिटात आहे, त्या बसच्या तिकिटाशेजारी.

अपिलाला नंबर पडलाय. परसाकडचं कुलूप तसंच आहे, पाणी आम्ही पुढच्या दाराने कळशीतून आणतो.