ईसॉपचा ट्रस्टी भाव नीट तपासतो का?

अमेरिकेतला ईसॉप ही कर्मचाऱ्यांना त्यांच्याच कंपनीचे शेअर देणारी निवृत्तीची योजना आहे; तिचा पैसा सांभाळणारा तो ट्रस्टी. तिच्याबद्दल एक गैरसमज पक्का बसलाय: सगळा पैसा एकाच कंपनीच्या शेअरमध्ये ठेवायला कायद्याचीच मुभा आहे, मग ट्रस्टीला जाब कोण विचारणार? निवृत्ती योजनांसाठीच्या १९७४ च्या एरिसा कायद्याचं कलम ४०४ सूट देतं ती फक्त पैसा विभागून गुंतवण्याच्या बंधनातून. शेअर कुठल्या भावाने घेतला, घेण्याआधी काय तपासलं, याची जबाबदारी तशीच राहते. कसूर झाली तर कलम ४०९ नुसार भरपाईला ट्रस्टी स्वतः बांधील.

खरी कसोटी लागते ती बाजारात नोंदणी नसलेल्या कंपनीत. मालक आपला हिस्सा ईसॉपला विकतो आणि भाव ठरतो मूल्यांकनाच्या अहवालावर. १९८३ चा डोनोव्हन विरुद्ध कनिंगहॅम हा निकाल त्यासाठी मुळातून वाचावा. तिथे अहवाल होता, पण खरेदीच्या वेळी तो वर्षाहून जुना झाला होता आणि त्यातले उत्पन्नाचे अंदाज प्रत्यक्षात उतरले नव्हते. मन शुद्ध आणि डोकं रिकामं, एवढ्यावर भागत नाही, असं न्यायालयाने बजावलं.

म्हणून अहवाल हातात आला की आधी तारीख बघा. मग पुढच्या वर्षांचे अंदाज कुणी दिलेत ते विचारा. बहुतेक वेळा ते विकणाऱ्याच्याच व्यवस्थापनाचे असतात. महसूल आजवर वर्षाला ४ टक्के वाढत आला आणि अहवाल १२ टक्के धरतोय, तर कारण लेखी मागा. ५१ टक्के शेअर घेऊनही संचालक नेमणं जुन्या मालकाच्याच हातात राहणार असेल, तर कंपनीवर ताबा मिळतो म्हणून द्यायचे जादा पैसे मोजायचे कशाला? निवृत्त होणाऱ्यांचे शेअर परत घ्यायला कंपनीला पुढे किती रोकड लागेल, हेही बघितलंच पाहिजे. इथेच सर्वात जास्त डोळेझाक होते. हे प्रश्न आणि त्यांची उत्तरं इतिवृत्तात आली नाहीत, तर पुढे खटल्यात विचारले होते हे सिद्ध करणं जड जातं.

शेअर बाजारात नोंदलेल्या कंपन्यांचं गणित वेगळं. ईसॉपच्या ट्रस्टीचा निर्णय मुळात योग्यच मानायचा, हे गृहीतक अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये फिफ्थ थर्ड बँकॉर्प विरुद्ध डूडेनहोफर खटल्यात एकमताने मोडीत काढलं. पण त्याच निकालाने दुसरं दार जवळजवळ बंद केलं. केवळ जाहीर माहितीवरून 'बाजारभाव फुगलेला होता, हे कळायला हवं होतं' असं म्हणणं सहसा टिकत नाही. जाहीर न झालेल्या आतल्या माहितीचा आधार घ्यायचा, तर दावेदाराला ट्रस्टीपुढचा असा पर्याय दाखवावा लागतो जो रोखे (शेअर व्यवहारांच्या) कायद्यात बसतो आणि ज्याने फायद्यापेक्षा नुकसानच जास्त झालं असतं, असं कुठल्याही दक्ष ट्रस्टीला वाटलं नसतं. माझ्या मते ही अट फारच कडक आहे. बहुतेक दावे सुरुवातीलाच बाद होतात.

त्यामुळे कर्मचाऱ्याने स्वतःचा हक्क सोडू नये. वयाची ५५ आणि योजनेतली १० वर्षं पूर्ण झाली की पहिल्या पाच वर्षांत खात्यातल्या शेअरपैकी एकूण २५ टक्क्यांपर्यंत, सहाव्या वर्षी ५० टक्क्यांपर्यंत रक्कम दुसरीकडे वळवता येते. योजनेचं वर्ष संपल्यापासून ९० दिवसांत तसं कळवावं लागतं.