टनेलमध्ये कुत्रीऐवजी मीच अडकलो

मी कुत्र्यांना अ‍ॅजिलिटी शिकवतो, म्हणजे कुत्र्यांची अडथळ्यांची शर्यत. माझ्याकडे येणाऱ्या एका काकूंची कारवानी जातीची कुत्री आहे, राणी. सांगलीकडून आणलेली, पाय म्हणजे नुसत्या काठ्या. हर्डल्स आठ दिवसांत शिकली पण टनेल (तारेच्या वेटोळ्यांची प्लास्टिकची लांब नळी, कुत्र्याने आतून पळत जायचं) दिसलं की ब्रेक. मी म्हटलं साहजिकच आहे, टनेलचा व्यास 60 सेंटीमीटर आणि ही बया खांद्यालाच 66 भरते, म्हणजे मान खाली घालून पाय दुमडून पळायचं, मोकळ्या रानात सुसाट सुटणाऱ्या जातीला ते कसं पटणार! हे माझं निदान, आणि तीन आठवडे मी तेच धरून बसलो होतो.

शिकवायची पद्धत ठरलेली असते. पाच मीटरचं टनेल दाबून हातभर करायचं, एकाने कुत्रं धरायचं, मालकाने पलीकडे बसून आतून तोंड दाखवत हाक मारायची, बाहेर पडलं की लगेच चिकन. मग वीत वीत ताणत न्यायचं आणि सगळ्यात शेवटी वळण, कारण वळलेल्या टनेलमध्ये पलीकडचा उजेड दिसत नाही. राणी हातभरातून आरामात जायची. दोन मीटर केलं की शिरायची, दोन पावलं टाकायची आणि आली तशी मागे.

चौथ्या रविवारी परत तेच. काकू वैतागल्या, "अहो सर, हे बोगद्याचं खूळ काढलं कोणी?" म्हटलं इंग्रजांनी, 1978 ला क्रफ्ट्स डॉग शोमध्ये दोन कार्यक्रमांच्या मधे लोकांना बसवून ठेवायला घोड्यांच्या जंपिंगसारखं कुत्र्यांकडून करून दाखवलं, तिथून सुरू झालं. काकू म्हणाल्या, "मग एकदा तुम्हीच जाऊन दाखवा की तिला."

चेष्टाच होती, पण मी गेलो. पोट आत ओढून शिरलो तर आत पिवळा उजेड, तापलेल्या प्लास्टिकचा वास, गुडघ्याला तारेची वेटोळी टोचतायत आणि जरा हललं की कर्रकर्र. तेवढं ठीक होतं हो, पण तिसऱ्यांदा गुडघा टेकला आणि अख्खं टनेल माझ्यासकट डावीकडे कललं. पोटात गोळाच आला. मला निदान माहितीय की बाहेर गवत आहे, तिला काय माहीत.

बाहेर आलो (म्हणजे हाताखालच्या पोराने पाय धरून ओढलं) आणि बघतो तर वाळूच्या पिशव्या दोनच, त्याही अर्ध्या रिकाम्या. टनेल हलू नये म्हणून त्यावर दोन्ही बाजूंनी खोगिरासारख्या लोंबत्या पिशव्या टाकतात ना, त्या. महिन्यापूर्वी बाकीच्या फाटल्या, आणू आणू म्हणत राहून गेल्या, आणि मी तोवर कुत्रीच्या उंचीला बोल लावत बसलो. तीन सेशनचे पैसे परत दिले, काकू नको नको म्हणत होत्या तरी.

मग काकूंनी घरून दळणाच्या पिशव्या आणल्या, पोराने शेजारच्या बांधकामावरून वाळू मागून आणली, जोड्या बांधून सहा ठिकाणी टाकल्या. लगेच पळाली असं नाही, एकदा बसलेली भीती पिशव्या टाकून जात नाही, परत हातभरापासून सुरुवात. अकरा वाजेपर्यंत दोन मीटर झालं.

आता पूर्ण पाच मीटर जाते, वळण बाकी आहे. पण दर वेळी तोंडाशी थांबते, एक पंजा आत टेकवून दाबून बघते, हलत नाहीये ना, आणि मगच सुटते. स्पर्धेत तो सेकंद महाग पडणार, पण तो मोडायची माझी काही हिंमत होत नाहीये.